मतदार ओळखपत्राचा अर्ज: कोणता नमुना, कोणत्या क्रमाने आणि किती दिवसांत

घर बदलल्यावर मतदार ओळखपत्रासाठी नमुना ६ भरणे ही आजही सर्वाधिक आढळणारी चूक आहे. १ ऑगस्ट २०२२ पूर्वी दुसऱ्या मतदारसंघात राहायला गेलेल्या मतदाराने नमुना ६ भरावा असाच नियम होता, आणि त्या काळातला सल्ला घराघरांत, सोसायट्यांच्या व्हॉट्सअॅप गटांवर आणि झेरॉक्सच्या दुकानांतही अजून दिला जातो. त्या तारखेपासून नमुने बदलले. नमुना ६ आता केवळ आयुष्यात प्रथमच नाव नोंदवणाऱ्यासाठी उरला आहे. पत्ता बदलणे, चूक दुरुस्त करणे आणि हरवलेल्या कार्डाऐवजी दुसरे मागणे या सर्वांसाठी नमुना ८ हा एकच अर्ज आहे. चुकीचा नमुना भरला की अर्ज फेटाळला जातो, किंवा त्याहून वाईट म्हणजे तो मंजूर होतो आणि एकाच माणसाचे नाव दोन ठिकाणी येते.

दुसरा गैरसमज कालावधीचा आहे. आपण कार्डासाठी अर्ज करतो असे बहुतेकांना वाटते. प्रत्यक्षात अर्ज असतो तो मतदार यादीत नाव घालण्याचा, आणि कार्ड ही त्या नोंदीपाठोपाठ येणारी गोष्ट आहे. म्हणून अर्ज केल्या दिवसापासून कार्डाचे दिवस मोजू लागले तर हिशेब चुकतो. आधी पडताळणी, मग हरकतींची मुदत, मग मतदार नोंदणी अधिकाऱ्याचा निर्णय, आणि त्यानंतर छपाई व टपाल असा हा क्रम आहे. पुढील टप्पे त्याच क्रमाने दिले आहेत आणि प्रत्येक ठिकाणी वेळ कशात जातो तेही सांगितले आहे.

टप्पा १: नाव आधीपासून यादीत आहे का, ते शोधा

अर्जाला हात लावण्यापूर्वी निवडणूक आयोगाच्या मतदार सेवा संकेतस्थळावर (व्होटर्स डॉट ईसीआय डॉट जीओव्ही डॉट इन) किंवा आयोगाच्या अधिकृत मोबाइल अॅपवर स्वतःचे नाव शोधावे. शोध तीन प्रकारे घेता येतो: ओळखपत्र क्रमांकावरून, नोंदवलेल्या मोबाइल क्रमांकावरून, किंवा नाव, वडिलांचे अथवा पतीचे नाव, वय आणि जिल्हा या तपशिलांवरून. क्रमांक माहीत नसेल तर तपशिलांवरून शोध घ्यावा, मात्र एकाच स्पेलिंगवर थांबू नये. जाधव, शिर्के, देशपांडे अशी साधी आडनावेही इंग्रजीत दोन-तीन प्रकारे लिहिलेली असतात, आणि यादीतील स्पेलिंग तुम्ही लिहिता तेच असेल याची खात्री नसते.

ज्यांच्याकडे ‘एमटी’ने सुरू होणाऱ्या, मध्ये तिरप्या रेषा असलेल्या लांब क्रमांकाचे जुने कार्ड आहे, त्यांना त्या क्रमांकाने काही सापडले नाही तर घाबरण्याचे कारण नाही. सध्याचा क्रमांक दहा चिन्हांचा, म्हणजे तीन इंग्रजी अक्षरे आणि सात अंक असा असतो, आणि जुन्या क्रमांकाच्या अनेक नोंदींना तो नव्याने दिला गेला आहे. अशांनी नावावरून शोधावे.

लग्नानंतर सासरी गेलेल्या स्त्रियांनी माहेरच्या मतदारसंघात, आणि नोकरीसाठी मुंबई-पुण्यात आलेल्यांनी गावाकडच्या मतदारसंघातही शोध घेणे आवश्यक आहे. गावचे नाव कोणीतरी काढून टाकले असेल असे गृहीत धरून नवा अर्ज करणारे पुष्कळ आहेत. मात्र गावची नोंद असताना नमुना ६ मधील ‘मी प्रथमच अर्ज करत आहे’ या अर्थाच्या घोषणेखाली सही केली, तर ती घोषणा खोटी ठरते. लोकप्रतिनिधित्व अधिनियम १९५० च्या कलम १७ आणि १८ प्रमाणे एकापेक्षा अधिक मतदारसंघांत, किंवा एकाच मतदारसंघात एकापेक्षा अधिक वेळा, नाव नोंदवता येत नाही. जाणूनबुजून खोटी घोषणा करणाऱ्यास कलम ३१ खाली एक वर्षापर्यंत कारावास, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

तपासणी: नाव सापडले तर मतदारसंघाचे नाव, यादी भाग क्रमांक (मतदारसंघाची यादी ज्या छोट्या भागांत विभागलेली असते त्यांपैकी तुमच्या भागाचा क्रमांक), अनुक्रमांक आणि ओळखपत्र क्रमांक टिपून ठेवा. पुढचा प्रत्येक टप्पा त्यामुळे सोपा होतो.

टप्पा २: योग्य नमुना निवडा

नाव कोठेही नसेल आणि पूर्वीही कधी नव्हते, तर नमुना ६.

नाव आहे पण पत्ता बदलला आहे, मग तो त्याच मतदारसंघात बदललेला असो, दुसऱ्या जिल्ह्यात असो किंवा दुसऱ्या राज्यात, तर नमुना ८ मधील ‘निवासस्थान बदल’ हा पर्याय निवडावा. यात जुन्या ठिकाणचे नाव वगळण्याची कार्यवाही त्याच अर्जावरून होते. वेगळा नमुना ७ देण्याची गरज नसते. ओळखपत्र क्रमांकही तोच राहतो, नव्या पत्त्याचे कार्ड तेवढे येते.

नाव, जन्मतारीख, छायाचित्र, नातेवाइकाचे नाव यांत चूक असेल तर नमुना ८ मधील ‘नोंदीतील दुरुस्ती’. कार्ड हरवले, पुरात वाहून गेले, जळाले किंवा फाटले असेल आणि नोंदीत काहीही बदलायचे नसेल तर त्याच नमुन्यातील ‘बदली ओळखपत्र’. दिव्यांग असल्याची नोंद करून घ्यायची असेल तर चौथा पर्याय आहे.

सावधान: नमुना ८ मधील चार पर्यायांपैकी एका अर्जात एकच निवडायचा असतो. लग्नानंतर पत्ताही बदलला आणि आडनावही बदलले, अशा वेळी आधी निवासस्थान बदलाचा अर्ज द्यावा, तो मंजूर होऊन नाव नव्या यादी भागात आल्याचे पाहावे आणि मगच दुरुस्तीचा अर्ज करावा. दोन्ही अर्ज एकाच दिवशी दिले तर दुरुस्तीचा अर्ज जुन्या मतदारसंघात जातो, तेथून नाव निघून गेलेले असते, आणि अर्ज निकाली न निघता पडून राहतो.

नमुना ७ हा नाव वगळण्यासाठी किंवा एखाद्या नावावर हरकत घेण्यासाठी असतो. घरातील व्यक्ती मृत्यू पावली असेल किंवा स्वतःचे नाव चुकून दोन ठिकाणी आले असेल आणि एक काढायचे असेल, तर तो वापरावा.

परदेशात राहणाऱ्या आणि अन्य देशाचे नागरिकत्व न घेतलेल्या भारतीय नागरिकांसाठी नमुना ६ अ आहे. त्यांची नोंद पारपत्रातील भारतातील पत्त्यावर होते. येथे एक गोष्ट दुबई, लंडन किंवा न्यू जर्सीतील मराठी कुटुंबांनी नीट लक्षात घ्यावी: परदेशस्थ मतदाराला ओळखपत्र दिले जात नाही. त्याने मतदानाच्या दिवशी आपल्या केंद्रावर स्वतः येऊन मूळ पारपत्र दाखवायचे असते. कार्डाची वाट पाहत बसणे म्हणूनच निरर्थक आहे.

टप्पा ३: वय आणि अर्हता दिनांक पाहा

पूर्वी वर्षातून एकच अर्हता दिनांक होता, १ जानेवारी. आता १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै आणि १ ऑक्टोबर असे चार आहेत. त्या दिवशी किंवा त्यापूर्वी १८ वर्षे पूर्ण झालेली असली पाहिजेत. २ जानेवारी २००८ रोजी जन्मलेल्या मुलीचे १८ वे वर्ष २ जानेवारी २०२६ रोजी पूर्ण होते, त्यामुळे तिच्यासाठी १ जानेवारी नव्हे तर १ एप्रिल २०२६ हा दिनांक लागू होतो. १ जुलै २००८ चा जन्म असलेला मुलगा मात्र १ जुलै २०२६ च्या दिनांकालाच पात्र ठरतो.

वय १७ पूर्ण झाले की आगाऊ अर्ज करता येतो. असा अर्ज संबंधित तिमाहीत विचारात घेतला जातो. तोपर्यंत तो ‘प्रलंबित’ दिसला तर काही बिघडले आहे असे समजून दुसरा अर्ज करू नये. एकाच व्यक्तीचे दोन अर्ज प्रणालीत आले की दोन्हींची छाननी लांबते.

टप्पा ४: कागदपत्रे गोळा करा

येथे घाई केली तर पुढचे सारे बिघडते. दोन पुरावे लागतात, जन्मतारखेचा आणि पत्त्याचा, आणि त्याबरोबर एक छायाचित्र.

जन्मतारखेसाठी जन्म दाखला, आधार, पॅन, वाहन परवाना, जन्मतारीख नमूद असलेले दहावी किंवा बारावीचे प्रमाणपत्र, किंवा भारतीय पारपत्र यांपैकी एक चालतो. कागदावरील नाव आणि अर्जातील नाव एकच असावे. महाराष्ट्रात शाळेच्या दाखल्यावर ‘आडनाव, नाव, वडिलांचे नाव’ असा क्रम असतो आणि आधारवर ‘नाव, वडिलांचे नाव, आडनाव’ असा. क्रमातला फरक ही अडचण नाही. स्पेलिंगमधला आणि जन्मतारखेतला फरक ही अडचण आहे. आधारवर जन्मतारखेऐवजी केवळ जन्मवर्ष छापलेले असेल तर ते जन्मतारखेचा पुरावा म्हणून जोडू नये.

पत्त्यासाठी वीज, पाणी किंवा गॅस जोडणीचे त्या पत्त्यावरचे किमान वर्षभरापासूनचे देयक, आधार, राष्ट्रीयीकृत किंवा शेड्यूल्ड बँकेचे अथवा टपाल कार्यालयाचे चालू पासबुक, भारतीय पारपत्र, महसूल विभागाचा जमिनीच्या मालकीचा अभिलेख म्हणजे आपल्याकडे सातबारा, नोंदणीकृत भाडेकरार किंवा नोंदणीकृत खरेदीखत यांपैकी एक लागतो. हा कागद अर्जदाराच्याच नावाचा असला पाहिजे असे नाही. आई-वडील, पती किंवा पत्नी अथवा सज्ञान अपत्य यांच्या नावाचाही चालतो, मात्र ती व्यक्ती त्याच पत्त्यावर मतदार म्हणून आधीच नोंदलेली असावी लागते. वडिलांच्या नावाचे महावितरणचे बिल जोडायचे आणि वडिलांचे नाव मात्र अजून गावच्या यादीत, अशा स्थितीत अर्ज अडतो. तेव्हा आधी वडिलांचा नमुना ८ मार्गी लावावा.

भाडेकरूंची बाब थोडी सविस्तर सांगायला हवी, कारण शहरांत सर्वाधिक अर्ज येथेच फसतात. यादीत ‘नोंदणीकृत’ भाडेकरार असे म्हटले आहे. शंभर किंवा पाचशे रुपयांच्या मुद्रांकावर लिहून नोटरी केलेला करार नोंदणीकृत नसतो. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९ च्या कलम ५५ प्रमाणे भाडेकरार किंवा लीव्ह अँड लायसन्स करार लेखी व नोंदणीकृत असणे बंधनकारकच आहे आणि ती जबाबदारी घरमालकाची आहे, त्यामुळे नोंदणीची मागणी करताना भाडेकरूने संकोच करू नये. ऑनलाइन नोंदणी केलेल्या कराराची पीडीएफ प्रत हाच सर्वांत स्वच्छ पुरावा ठरतो. अर्जाच्या वेळी कराराची मुदत संपलेली नसावी.

वसतिगृहात किंवा मेसमध्ये राहणारे विद्यार्थी गावी आई-वडिलांच्या पत्त्यावर किंवा शिक्षणाच्या ठिकाणी, यांपैकी एका जागी नाव नोंदवू शकतात. शिक्षणाच्या ठिकाणी नोंदवायचे असेल तर मान्यताप्राप्त अभ्यासक्रम किमान एक वर्षाचा असावा आणि प्राचार्य, संचालक, कुलसचिव यांपैकी संबंधित प्रमुखाचे विहित नमुन्यातील प्रमाणपत्र जोडावे. ज्यांना घरच नाही त्यांच्याकडे पत्त्याचा कागद मागता येत नाही; अर्जात दिलेल्या ठिकाणी ती व्यक्ती खरोखर झोपायला असते का, हे मतदान केंद्रस्तरीय अधिकारी रात्री जाऊन पाहतो. अशा व्यक्तींना मदत करणाऱ्या कार्यकर्त्यांनी कागद नाही म्हणून अर्जच न भरण्याची चूक करू नये.

छायाचित्र ४.५ गुणिले ३.५ सेंटिमीटरचे, रंगीत, पांढऱ्या पार्श्वभूमीचे आणि चेहरा समोरून स्पष्ट दिसणारे हवे. कार्डावरचा फोटो ओळखू येत नाही अशी तक्रार करणाऱ्यांपैकी अनेकांनी जुन्या पासपोर्ट फोटोचा मोबाइलवर काढलेला फोटो जोडलेला असतो. मूळ फाइलच वापरावी. छायाचित्र आणि प्रत्येक कागद २ एमबीच्या आत असावा. कागदाच्या प्रतीवर ‘मूळ प्रतीप्रमाणे खरी’ असे लिहून स्वतः सही करावी आणि मग स्कॅन करावे.

आधार क्रमांकाविषयी स्पष्टता असावी. नमुन्यात आधार क्रमांकाचा रकाना असला तरी तो देणे ऐच्छिक आहे. आयोगाने सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही आधार क्रमांक बंधनकारक नसल्याचे सांगितले आहे. पत्ता आणि वयाचे अन्य पुरावे असतील तर केवळ आधार नाही म्हणून अर्ज थांबवू नये.

तपासणी: सर्व कागद एकापुढे एक ठेवून नाव, जन्मतारीख आणि पत्ता ही तीन माहिती अक्षर न् अक्षर जुळवून पाहा. फरक आढळला तर तो आताच दुरुस्त करा, अर्ज दिल्यावर नव्हे.

टप्पा ५: अर्ज भरा

मोबाइल क्रमांक आणि ओटीपीने खाते उघडून लॉगिन करता येते. शक्य असेल तर स्वतःचाच क्रमांक द्यावा. एका क्रमांकावर संपूर्ण कुटुंबाची नोंदणी केली तर पुढे डिजिटल ओळखपत्र उतरवून घेताना अडचण येते.

विधानसभा मतदारसंघ पिनकोडवरून ठरवू नये. एका पिनकोडचा परिसर दोन मतदारसंघांत विभागलेला असणे शहरांत नेहमीचेच आहे. महाराष्ट्रात २८८ आणि गोव्यात ४० विधानसभा मतदारसंघ आहेत, आणि त्यांच्या सीमा कित्येकदा रस्त्याच्या दोन बाजूंना वेगळ्या होतात. शेजाऱ्याचे किंवा त्याच इमारतीतील मतदाराचे ओळखपत्र पाहून मतदारसंघ निश्चित करणे हा सर्वांत खात्रीचा उपाय आहे. चुकीच्या मतदारसंघात गेलेला अर्ज आपोआप योग्य ठिकाणी वळेल अशा भरवशावर राहू नये.

नावाच्या रकान्यात पहिल्यांदा नाव आणि मधले नाव, आणि वेगळ्या रकान्यात आडनाव असा क्रम आहे. शाळेच्या सवयीने आडनाव आधी लिहिणाऱ्यांची कार्डे उलट्या नावाने छापून येतात.

त्यापेक्षा अधिक त्रास देणारी बाब देवनागरी रकान्याची आहे. इंग्रजीत नाव लिहिले की शेजारच्या रकान्यात मराठी नाव आपोआप उमटते, आणि ते वारंवार चुकीचे असते. ज्ञानेश्वरचे ‘दन्यानेश्वर’, काळेचे ‘काले’, आठवलेचे ‘अथवले’ असे रूप होते. ण, ळ, ज्ञ आणि ऱ्हस्व-दीर्घ वेलांट्या यांची हमखास गफलत होते. मराठी यादीत आणि कार्डावर हेच रूप छापले जाते. म्हणून तो रकाना पुसून मराठी कळफलकाने नाव स्वतः लिहावे. नातेवाइकाचे नाव आणि पत्ता यांचेही तसेच करावे. दुरुस्तीच्या अर्जांचा मोठा भाग केवळ या दोन मिनिटांच्या कंटाळ्यातून जन्माला येतो.

त्याच पत्त्यावर घरातील कोणी आधीच मतदार असेल तर त्याचे नाव, नाते आणि ओळखपत्र क्रमांक अवश्य द्यावा. त्यामुळे तुमचे नाव त्याच यादी भागात आणि कुटुंबाजवळ येते. एकाच घरातील चौघांना तीन मतदान केंद्रांवर जावे लागण्याचे प्रसंग बऱ्याच अंशी हा रकाना रिकामा सोडल्यानेच येतात.

पत्त्यात घर किंवा सदनिका क्रमांक, इमारतीचे नाव, गल्ली, वाडी किंवा वस्ती आणि जवळची ठळक खूण लिहावी. ‘मु. पो.’ आणि गावाचे नाव एवढ्यावर भागत नाही, कारण पुढच्या टप्प्यात माणूस तुमचे दार शोधत येणार आहे.

टप्पा ६: सादर करा आणि पोच जपा

अर्ज सादर केल्यावर संदर्भ क्रमांक मिळतो. तो लिहून ठेवावा आणि पडद्याचे छायाचित्रही घ्यावे. अर्जाची स्थिती त्याच क्रमांकाने पाहायची असते. कागदी अर्ज मतदान केंद्रस्तरीय अधिकाऱ्याकडे, तहसील किंवा उपविभागीय कार्यालयातील निवडणूक शाखेत, शहरांत संबंधित मतदार नोंदणी कार्यालयात, तसेच आयोगाने जाहीर केलेल्या विशेष शिबिरांत देता येतो. नमुन्याच्या शेवटी असलेली पोचपावती सही-दिनांकासह फाडून घेतल्याशिवाय कागदी अर्ज देऊ नये.

सावधान: नोंदणीच्या कोणत्याही नमुन्याला शुल्क नाही. अर्ज भरून देण्यासाठी एखाद्या दुकानाने सेवेचे पैसे घेणे वेगळे. ‘कार्ड लवकर काढून देतो’ म्हणून पैसे मागणाऱ्याकडे कागदपत्रांच्या प्रती तर मुळीच देऊ नयेत. पुढे सांगितलेली हरकतींची मुदत कोणालाही पैसे देऊन कमी करता येत नाही.

टप्पा ७: घरच्या पडताळणीसाठी तयार राहा

अर्ज आल्यावर तो तुमच्या यादी भागाच्या मतदान केंद्रस्तरीय अधिकाऱ्याकडे, म्हणजे बीएलओकडे, पडताळणीसाठी जातो. हे अधिकारी बहुधा शिक्षक, अंगणवाडी सेविका, तलाठी किंवा स्थानिक संस्थांचे कर्मचारी असतात आणि स्वतःचे नियमित काम सांभाळून ही फेरी करतात. ते येतात तेव्हा तुम्ही घरी नसाल, सोसायटीचा पहारेकरी ‘असे कोणी येथे राहत नाही’ म्हणेल किंवा घरमालक नाव ओळखणार नाही, तर अहवाल प्रतिकूल जाऊ शकतो. हाच टप्पा सर्वाधिक लांबतो, आणि तो आटोपता करणे बहुतांशी अर्जदाराच्या हाती आहे.

त्यासाठी अर्ज दिल्याच्या आठवड्यात चार गोष्टी कराव्यात. पहारेकऱ्याला आणि शेजाऱ्याला आपले पूर्ण नाव सांगून ठेवावे. भाडेकरू असाल तर सोसायटीच्या कार्यालयात आपली नोंद असल्याची खात्री करावी. मूळ कागदपत्रे घरातील दुसऱ्या व्यक्तीला माहीत असतील अशा ठिकाणी ठेवावीत. आणि संकेतस्थळावर आपल्या यादी भागाच्या बीएलओचे नाव व संपर्क पाहून, दिवसा घरी नसल्यास त्यांना तसे नम्रपणे कळवून सोयीची वेळ ठरवावी. आयोगाच्या अॅपवर बीएलओशी बोलण्यासाठी वेळ मागण्याची सोयही आहे. अनोळखी क्रमांक न उचलण्याची सवय या काळापुरती सोडावी. मात्र बीएलओ आल्यावर त्यांचे ओळखपत्र पाहण्यात काहीही गैर नाही, आणि पडताळणीसाठी ओटीपी सांगण्याची गरज नसते.

तपासणी: संदर्भ क्रमांकाने स्थिती पाहिल्यावर अर्ज सादर, बीएलओ नियुक्त, प्रत्यक्ष पडताळणी, आणि शेवटी स्वीकृत किंवा अस्वीकृत असे टप्पे दिसतात. ‘बीएलओ नियुक्त’ यावर अर्ज पंधरवड्याहून अधिक अडकला असेल तर बीएलओला फोन करावा. उपयोग झाला नाही तर १९५० या क्रमांकावर किंवा मतदार नोंदणी कार्यालयात संदर्भ क्रमांकासह विचारणा करावी. नवा अर्ज करू नये.

टप्पा ८: निर्णयाची वाट किती पाहायची

आलेल्या अर्जांची यादी प्रसिद्ध करून त्यावर हरकतींसाठी सात दिवस देणे मतदार नोंदणी नियम १९६० प्रमाणे आवश्यक आहे. पडताळणी दुसऱ्याच दिवशी झाली तरी हे सात दिवस संपण्यापूर्वी अर्ज मंजूर होत नाही. काही शंका असेल तर मतदार नोंदणी अधिकारी सुनावणीची नोटीस काढतो. त्या दिवशी मूळ कागदांसह स्वतः हजर राहावे. नोटीसकडे दुर्लक्ष झाले की प्रकरण तेथेच संपते.

निवडणुका नसलेल्या काळात अर्जापासून नाव यादीत येईपर्यंत साधारण महिनाभर आणि त्यानंतर कार्डासाठी आणखी पंधरवडा धरून नियोजन करावे, असे मी सुचवीन. ऑक्टोबर ते जानेवारीत वार्षिक पुनरीक्षण चालू असेल तर गणित बदलते, कारण तेव्हा प्रारूप यादी, दावे व हरकतींचा कालावधी आणि अंतिम यादी यांच्या जाहीर तारखा लागू होतात. विशेष सखोल पुनरीक्षण, म्हणजे संपूर्ण यादीची घरोघरी जाऊन नव्याने तपासणी, चालू असलेल्या राज्यांत तर नव्या अर्जाबरोबर अतिरिक्त घोषणापत्रही द्यावे लागते. ऑक्टोबर २०२५ मध्ये ते गोवा, गुजरात आणि मध्य प्रदेशासह बारा राज्ये व केंद्रशासित प्रदेशांत जाहीर झाले होते, आणि या तिन्ही राज्यांत मराठी कुटुंबे मोठ्या संख्येने राहतात.

सावधान: निवडणूक जाहीर झाल्यावर अर्ज करण्याची प्रथा अत्यंत जोखमीची आहे. कायद्याप्रमाणे उमेदवारी अर्ज भरण्याच्या शेवटच्या दिवसानंतर त्या निवडणुकीसाठी यादीत नाव घालता येत नाही. महाराष्ट्र विधानसभेचे २०२४ चे मतदान २० नोव्हेंबरला होते, परंतु उमेदवारी अर्जांचा शेवटचा दिवस २९ ऑक्टोबर होता. हरकतींचे सात दिवस आणि निर्णयाचा वेळ मागे मोजला, तर अर्ज त्याआधी सुमारे दहा दिवस पोहोचणे भाग होते. मतदानाच्या आठवडाभर आधी कार्यालयात रांग लावणाऱ्यांच्या हाती काहीच लागत नाही ते यामुळे.

ग्रामपंचायत, जिल्हा परिषद, नगरपरिषद आणि महानगरपालिका यांच्या निवडणुका राज्य निवडणूक आयोग घेतो. तो स्वतंत्रपणे नावे नोंदवत नाही, तर विधानसभेची यादी एका ठरावीक दिवसाची जशीच्या तशी घेऊन प्रभागवार विभागतो. २०२५ च्या अखेरीस सुरू झालेल्या स्थानिक निवडणुकांसाठी १ जुलै २०२५ ची यादी घेण्यात आली. त्यानंतर नोंदलेले नाव विधानसभेच्या यादीत वैध असूनही प्रभागाच्या यादीत नव्हते. म्हणून स्थानिक निवडणुकीत मतदान करायचे असेल तर कित्येक महिने आधीच नाव नोंदलेले असावे.

टप्पा ९: कार्ड हाती येईपर्यंत

अर्ज स्वीकृत झाल्यावर यादीत नोंद होते, कार्ड छापले जाते आणि टपालाने नोंदणीच्या पत्त्यावर येते. नोंद झाल्यापासून १५ दिवसांत कार्ड पोहोचवण्याची कार्यपद्धती आयोगाने जून २०२५ मध्ये जाहीर केली आहे. दिवस मोजायचे ते नोंद झाल्या तारखेपासून. घर बंद असेल तर कार्ड परत जाऊ शकते, तेव्हा पोस्टमनला किंवा शेजाऱ्याला कल्पना द्यावी.

कार्ड येण्यापूर्वीही डिजिटल ओळखपत्र म्हणजे ई-एपिक उतरवून घेता येते. ही सोय जानेवारी २०२१ मध्ये सुरू झाली. ती क्यूआर कोड असलेली पीडीएफ असते आणि नोंदीशी जोडलेल्या मोबाइलवर ओटीपी येतो.

कार्ड आल्यावर मराठी आणि इंग्रजी नाव, नातेवाइकाचे नाव, जन्मतारीख, लिंग, पत्ता आणि छायाचित्र त्याच दिवशी तपासावे. चूक दिसली तर नमुना ८ लगेच भरावा. पुढे कार्डावरील यादी भाग क्रमांक आणि प्रत्यक्ष यादीतील क्रमांक यांत फरक पडला तर ती चूक नव्हे; केंद्रांची पुनर्रचना झाली की हे क्रमांक बदलतात, कार्ड मात्र वैध राहते.

कार्ड वेळेत आले नाही तरी यादीत नाव असेल तर मतदान करता येते. आधार, पारपत्र, वाहन परवाना, पॅन, छायाचित्र असलेले बँक किंवा टपाल पासबुक, मनरेगा जॉब कार्ड अशा बारा पर्यायी ओळखपत्रांपैकी एक दाखवावे. केंद्राची माहिती देणारी मतदार चिठ्ठी मात्र ओळखीचा पुरावा म्हणून चालत नाही. याउलट कार्ड खिशात असून नाव यादीत नसेल तर मतदान करता येत नाही, त्यामुळे प्रत्येक निवडणुकीपूर्वी टप्पा १ मधील शोध पुन्हा घ्यावा.

टप्पा १०: अर्ज फेटाळला गेला तर

आधी कारण पाहावे. ते स्थितीच्या पानावर दिसते, नाहीतर मतदार नोंदणी कार्यालयात लेखी मागावे. कागद अस्पष्ट होता, घरी कोणी भेटले नाही किंवा चुकीचा नमुना होता अशी कारणे असतील तर अपिलात वेळ घालवण्यापेक्षा उणीव दूर करून नव्याने अर्ज करणे अधिक जलद ठरते.

परंतु पात्र असूनही आणि सर्व पुरावे देऊनही नाव नाकारले असेल, तर लोकप्रतिनिधित्व अधिनियम १९५० च्या कलम २४ खाली अपील करण्याचा हक्क आहे. पहिले अपील आदेशापासून १५ दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे करायचे असते. तेथील निर्णय मान्य नसेल तर त्यापुढे ३० दिवसांत राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांकडे दुसरे अपील करता येते. अपिलाला संदर्भ क्रमांक, फेटाळल्याच्या आदेशाची प्रत, जोडलेल्या प्रत्येक पुराव्याची प्रत आणि सुनावणी झाली असल्यास नोटिशीची प्रत जोडावी. आदेश हाती उशिरा पडला असेल तर तो कोणत्या दिवशी मिळाला हे टपालाच्या शिक्क्यासह पहिल्याच परिच्छेदात नमूद करावे.